कायम झालो की

पिंपरीत पहिला मोठा कारखाना आला तो औषधांचा. १९५४ साली जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफ यांच्या मदतीनं हिंदुस्थान अँटिबायोटिक्स उभी राहिली आणि इथलं पेनिसिलिन देशभरातल्या दवाखान्यांत जाऊ लागलं. तोवर पिंपरी म्हणजे फाळणीनंतर आलेल्या सिंधी निर्वासितांचा कॅम्प, रेल्वेचे रूळ आणि भोवतालची शेतं. या सुरुवातीचं मला नेहमी अप्रूप वाटत आलं आहे. स्वातंत्र्यानंतर देशाची लोकसंख्या वाढली ती बायका जास्त मुलं जन्माला घालू लागल्या म्हणून नव्हे. जन्मलेली मुलं जगू लागली, बाळंतिणी वाचू लागल्या, न्यूमोनियानं चार दिवसांत जाणारा कर्ता पुरुष उठून कामाला जाऊ लागला, म्हणून वाढली. त्यात पिंपरीच्या औषधाचाही वाटा आहे.

आणि ज्या माळावर ते औषध तयार झालं, तिथली माणसंही वाढली, पण निराळ्या वाटेनं. १९६२ साली एमआयडीसी स्थापन झाली आणि या पट्ट्यात एकामागून एक शेड उभ्या राहिल्या. १९७० साली पिंपरी, चिंचवड, आकुर्डी आणि भोसरी मिळून नगरपालिका झाली, तेव्हा वस्ती लाखाच्या आत होती. १९८२ साली महापालिका झाली. १९९१ च्या जनगणनेत आकडा पाच लाखांवर गेला, २००१ मध्ये दहा लाखांच्या आसपास, २०११ मध्ये सतरा लाख सत्तावीस हजार. मधल्या काळात आजूबाजूची गावं हद्दीत आली हे खरं, पण ती वजा केली तरी इतकी वाढ बाळंतपणांनी होत नसते. ती एसटीनं येते, लोणावळा लोकलनं येते, मालवाहू टेम्पोत मागं बसून येते. बहात्तरच्या दुष्काळात मराठवाड्यातून आणि नगर-सोलापूरकडून आलेले इथंच राहिले; मग खान्देशातून, कोकणातून, पुढं विदर्भातून लोक आले. निगडी-चिखलीत आज कानबाईचा उत्सव धुळे-जळगावसारखा होतो.

मी या पट्ट्यात नोकरीला लागले ऐंशीच्या दशकात. कर्वे समाजसेवा संस्थेतून एमएसडब्ल्यू झाले आणि एका इंजिनिअरिंग कारखान्यात कामगार कल्याण अधिकारी म्हणून रुजू झाले. तेव्हाच्या फॅक्टरी ॲक्टनुसार पाचशे किंवा त्याहून जास्त कामगार असले की असा अधिकारी नेमावाच लागे. माझ्याकडं कँटीनच्या तक्रारी, सोसायटीची कर्जं, दारूमुळं होणारी गैरहजेरी, अपघातानंतरची कागदपत्रं आणि घरभेटी. एमआयडीसीची सुट्टी गुरुवारी, त्यामुळं घरभेटीही गुरुवारी. नवरा घरात असताना गेलेलं बरं, नाहीतर बायको बोलायची पण ठरवायची काही नाही.

ईएसआयचा जाहीरनामा भरताना कामगाराला कुटुंबाचा पोस्टकार्डाएवढा फोटो लावावा लागे. ते फोटो माझ्या टेबलावरून जायचे. जुन्या फायलींमधल्या फोटोंत आई-वडील खुर्चीवर, मागं नवरा-बायको, पुढं जमिनीवर चार-पाच पोरं, एखादं कडेवर. मी लागले तेव्हा फोटोत तीन मुलं सर्रास असत. नव्वदीच्या मध्यावर दोन. फोटोग्राफर तोच, मागचा ताजमहालाचा पडदा तोच, माणसं कमी. एवढा मोठा बदल मी कुठल्या अहवालात वाचण्याआधी त्या फायलींमध्ये पाहिला.

कुटुंब नियोजनाची शिबिरं भरवणं हे माझ्या कामातलं सर्वांत अवघड काम. आणीबाणी संपून फार वर्षं झाली नव्हती. देशभरात तेव्हा एका वर्षात ऐंशी लाखांहून अधिक नसबंद्या झाल्या होत्या. आपल्या विधिमंडळानं तर १९७६ साली तीन मुलांनंतर सक्तीच्या नसबंदीचं विधेयक मंजूर केलं होतं. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून तो कायदा झाला नाही. पण गावोगावच्या पुरुषांच्या मनात भीती बसायची ती बसलीच. शिबिराचं पत्रक नोटीसबोर्डावर लावलं की त्या बाजूनं जायचं लोक टाळत. मशिनशॉपमधला एक वयस्क सेटर मला म्हणाला होता, "बाई, तुम्ही चांगल्यासाठी सांगताय. पण आमच्या गावात पोलीस गाडीत घालून नेत होते. आता कोण विश्वास ठेवणार?" त्याला माझ्याजवळ उत्तर नव्हतं आणि मी ते बनवूनही दिलं नाही.

दुसरी अडचण अशक्तपणाच्या समजाची. नसबंदी केली की मशीनवर उभं राहवत नाही, ओझं उचलवत नाही, असं पक्कं डोक्यात. डॉक्टरांना शॉपवर आणून समजावलं, ऑपरेशन करून घेतलेल्या दोघांना बोलायला उभं केलं, तरी फार फरक पडला नाही. मग व्हायचं ते हेच, की बाळंतपणाबरोबर बायकोचं ऑपरेशन. "मिसेसचं करून घेतलं" हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलं आहे की त्याचा राग यायचाही थांबला होता. आता पुन्हा येतो. २०१९ ते २१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातल्या जवळजवळ निम्म्या विवाहित स्त्रियांनी नसबंदी केलेली दिसते. पुरुषांचं प्रमाण शेकडा एकही भरत नाही. बाईनं तांबी बसवायची, गोळ्या खायच्या, टाके घ्यायचे आणि चौथ्या दिवशी पाण्याचा हंडा उचलायचा. महाराष्ट्राचा जन्मदर खाली आला याचा अभिमान मिरवताना तो कुणाच्या अंगावरून आला हे सांगायलाच हवं.

तरीही तो आला. का आला, हे मला एका घरात नीट कळलं. फोर्ज शॉपमधला माण तालुक्यातला कामगार, आकुर्डीत एका खोलीत राहणारा. दोन मुली. आई गावाहून आलेली, तिसऱ्या खेपेला मुलगा होईल म्हणून हटून बसलेली. तो बरेच दिवस बदली आणि टेम्पररी करून नुकताच कायम झाला होता. मी गेले तेव्हा बायकोनं ट्रंकेतून एक प्लॅस्टिकची पिशवी काढली आणि आतले कागद एकेक करून चटईवर मांडले. कायम झाल्याचं पत्र, सोसायटीचं पासबुक, विम्याची पावती, थोरलीच्या शाळेची फी भरल्याची पावती. त्या मांडणीतच तिचं म्हणणं होतं. मग म्हणाली, "ताई, तिसरं आलं तर ह्या दोघींतली एक शाळेतून निघंल. कोणती काढू, ते आत्याबाईंनी सांगावं."

सासू गप्प बसली. थोड्या वेळानं मुलाकडं बघून म्हणाली, "म्हातारपणी तुला कोण बघंल रं?"

तो म्हणाला, "आई, माझा फंड हाय. ग्रॅच्युइटी हाय. कंपनीचा दवाखाना हाय."

म्हातारीला फंड म्हणजे काय हे पुरतं कळलं नसेल, पण मुलाचा सूर कळला. भाकरी खाऊन जा म्हणाली. पुढच्या महिन्यात सुनेचं ऑपरेशन झालं. सासूनंच डबा पोचवला.

त्यानंतर मी पत्रकांवरचा भर कमी केला. माझ्या लक्षात आलं होतं की लाल त्रिकोणाचं चित्र पाहून कुणी पाळणा थांबवत नाही. ज्या घरात उद्याचा पगार ठरलेला आहे, आजारपणाला आधार आहे, मुलगी शिकली तर तिलाही नोकरी लागेल असं समोर दिसतं आहे, ते घर स्वतःहून दोनवर थांबतं. त्यामुळं कुणाला कायम करायचं याच्या बैठकीत मी बोलू लागले. पर्सोनेलच्या साहेबांना ते माझं काम वाटत नसे. माझ्या दृष्टीनं मात्र ते कुटुंब नियोजनाचंच काम होतं. महाराष्ट्रात १९९२-९३ च्या पाहणीत एका स्त्रीमागं सरासरी २.९ मुलं होती. २०१९ ते २१ च्या पाहणीत १.७. लोकसंख्या स्थिर राहायला २.१ लागतात. म्हणजे माझ्या नोकरीच्या काळातच आपण ती रेषा ओलांडून खाली आलो. दोनपेक्षा जास्त मुलं असलेल्यांना पंचायतीच्या निवडणुकीत अपात्र ठरवणारे नियमही याच काळात आले, १२ सप्टेंबर २००१ नंतरच्या अपत्यांसाठी. मी अशा शिक्षांच्या बाजूची कधीच नव्हते. घरात निर्णय घ्यायचा अधिकार नसलेल्या बाईचं सदस्यपद काढून घेऊन काय साधतं?

आता कारखान्यांच्या वाढीबद्दल. मी लागले तेव्हा कारखाना वाढणं म्हणजे हजेरीपट वाढणं. फाउंड्री, मशिनशॉप, प्रेसशॉप, पेंट, असेंब्ली, टूलरूम, सगळं एका कुंपणात. माळी आणि कँटीनचा आचारीसुद्धा कंपनीचा. नव्वदीनंतर हे फिरलं. आधी कँटीन आणि सिक्युरिटी ठेकेदाराकडं गेली, मग जॉब भोसरीच्या छोट्या शेडमध्ये, मग व्हीआरएसच्या योजना लागोपाठ. उत्पादन वाढत होतं आणि पटावरची माणसं कमी होत होती. २००७ साली बजाज ऑटोनं आकुर्डीतलं उत्पादन थांबवलं, तेव्हा जुन्या पिंपरी-चिंचवडचं पान उलटलं असं अनेकांना वाटलं. त्याआधीच, १९९९ मध्ये, त्यांचा चाकणचा कारखाना सुरू झाला होता. २००९ मध्ये फोक्सवॅगन आणि मर्सिडीज, २०१० मध्ये महिंद्रा. कांद्याच्या बाजारासाठी आणि संग्रामदुर्गासाठी माहीत असलेलं चाकण बघता बघता मोटारींचं झालं. प्रत्येक मोठ्या प्लँटमागं त्याचे वेंडर आले, वेंडरचे वेंडर आले. खालुंब्रे, निघोजे, महाळुंगे, कुरुळी, नाणेकरवाडी, खराबवाडी, सावरदरी ही ग्रामपंचायतींची गावं शहराएवढी माणसं सांभाळू लागली, तेही गावाच्याच मनुष्यबळावर.

माझी नोकरीची शेवटची वर्षं तिथल्याच एका वेंडर कंपनीत गेली. तोवर मला लोक एचआर मॅडम म्हणू लागले होते. कायम कामगार मूठभर आणि सकाळी गेटमधून आत येणारी माणसं त्यांच्या कितीतरी पट: कुणी ठेकेदाराचा, कुणी ट्रेनी, कुणी नीम या सरकारी प्रशिक्षण योजनेतला. सात महिन्यांची ऑर्डर, मग ब्रेक. वर्षात २४० दिवस भरले की कायद्यात काही हक्क तयार होतात, म्हणून त्याआधीच हिशेब. ब्रेक मिळालेला पोरगा शेजारच्या कंपनीत लागतो, तिथूनही सात महिन्यांनी निघतो, पुन्हा इकडं येतो. पाच-सहा वर्षं चाकणमध्ये काढली तरी कुठल्याच कंपनीच्या लेखी तो इथला नसतो. बॅग मात्र त्याच खोलीत असते.

या खोल्या मी पाहिल्या आहेत, कारण घरभेटीची सवय सुटली नाही. पत्र्याच्या चाळी, दहा बाय दहा, एकेका खोलीत पाच-सहा पोरं, वाशीमची, हिंगोलीची, यवतमाळची, शेजारच्या खोलीत बिहारची किंवा ओडिशाची. पहिली पाळी उठून गेली की रात्रपाळीवाले त्याच गाद्यांवर पडतात. मोबाइल चार्ज करायला रांग, संडासाला रांग, टँकरला रांग. मेसचा डबा आला नाही तर पोहे. त्यातल्या एकाचा फॉर्म भरताना मी पाहिलं, वय एकोणतीस, डिप्लोमा झालेला, आणि कुटुंबाच्या रकान्यात आई-वडील, तेही हिंगोलीत. मी विचारलं, "लग्नाचं काय रे?"

"कायम झालो की करतो, मॅडम. पोरीवाले पहिलं तेच विचारतात, कायम आहे का. कंपनी कोणती, पगार किती, हे नंतर."

"आणि नाही झालास तर?"

"मग काय," एवढंच म्हणाला आणि सहीची जागा कुठं आहे ते विचारलं.

असे शेकडो आहेत. २०२२ च्या डिसेंबरात सोलापुरात लग्न न जमणाऱ्या तरुणांनी नवरदेवाच्या वेशात कलेक्टर कचेरीवर मोर्चा नेला होता, तेव्हा बरेच लोक हसले. मला हसू आलं नाही. लोकसंख्येच्या तक्त्यात माणचा तो कामगार आणि हिंगोलीचा हा पोरगा एकाच बाजूला मोजले जातील. दोघांनीही जन्मदर खालीच आणला. पण एकानं हातात कागद धरून, बायकोशी बोलून दोन मुलांवर थांबायचं ठरवलं, आणि दुसऱ्याला ठरवायची वेळच आली नाही. त्यात मुलींच्या बापांना मी दोष देत नाही. शेती तुटलेली, पोरगी दिली तर तिनं कुठल्या भरवशावर यायचं? लोकसंख्या स्थिर होणं मला हवं आहे, त्यासाठी मी आयुष्य घातलं आहे. पण ते या वाटेनं झालेलं मला नको आहे.

शिवाय या वाटेनं माणसांची दाटी काही कमी होत नाही. गावात जन्म कमी झाले तरी गावातली उरलीसुरली पोरं चाकणला येतातच. पाण्याचं बघा. पवना धरण साडेआठ टीएमसीचं. त्यातून नदीत सोडलेलं पाणी रावेतच्या बंधाऱ्यावर उचलायचं आणि शहराला द्यायचं, ही रीत जुनी आहे. धरण तेवढंच राहिलं, माणसं वाढत गेली. धरणातून थेट बंद नळानं पाणी आणायची योजना आली, तिला मावळच्या शेतकऱ्यांनी विरोध केला, ९ ऑगस्ट २०११ रोजी द्रुतगती मार्गावर गोळीबार झाला आणि तीन शेतकरी गेले. त्यांत एक बाई होती. २०१९ च्या नोव्हेंबरपासून आमच्या शहरात दिवसाआड पाणी येतं. आशिया खंडातली सर्वांत श्रीमंत महापालिका असं जिचं वर्णन आम्ही वर्षानुवर्षं ऐकलं, तिची ही गोष्ट. आता आंद्रा आणि भामा आसखेडकडं पाहायचं, आणि तिथंही धरणग्रस्त पुनर्वसनासाठी भांडत आलेले.

जुन्या लोकांनी याचा अजिबात विचार केला नव्हता असं नाही. टेल्कोच्या सुमंत मुळगावकरांनी इथल्या उजाड माळावर कारखान्याच्या आवारात झाडं लावून घेतली, तळं बांधून घेतलं. तिथं आजही पक्षी उतरतात. १९७२ साली कामगारांना घरं मिळावीत म्हणून नवनगर विकास प्राधिकरण निघालं. ज्या शेतकऱ्यांच्या जमिनी त्यात गेल्या ते साडेबारा टक्के जमिनीच्या परताव्यासाठी पुढं पिढ्यान्‌पिढ्या खेटे घालत राहिले, हा त्यातला अन्याय. पण कारखान्याबरोबर माणूस येतो, माणसाला घर लागतं, घराला पाणी लागतं, एवढी साखळी कागदावर तरी होती. चाकणमध्ये ती मला कुठं दिसली नाही. करार जाहीर होतात तेव्हा गुंतवणूक किती कोटींची आणि रोजगार किती हजारांना, हे छापून येतं. ते हजार लोक झोपणार कुठं, याचा रकाना त्या कागदात नसतो.

निवृत्तीनंतर मी हाच एक प्रश्न विचारत फिरते. एका वेंडर कंपनीचे मालक नवी शेड बांधत होते, माझ्या ओळखीचे. विचारलं, एवढी माणसं लागणार, ती राहणार कुठं? म्हणाले, "ते ठेकेदार बघतो." ठेकेदाराला विचारलं तर तो म्हणाला, "गावात खोल्या आहेत की, गाववाल्यांनी बांधल्याच आहेत." सरपंचबाईंकडं गेले. त्यांनी नळयोजनेची फाइल काढून दाखवली. योजना आखली होती ती २०११ च्या लोकसंख्येवरून अंदाज बांधून. त्यानंतर तोवर जनगणनाच झाली नव्हती. मतदारयादीत गाव केवढंसं, आणि सकाळी सहाला रस्त्यावर जी माणसं दिसतात त्यांना त्या यादीत जागा नाही. बाई म्हणाल्या, "ताई, कोण किती राहतंय हेच आम्हाला माहीत नाही. मागायचं तरी कशाच्या जोरावर?"

म्हणून आम्ही गावापुरती मोजणी करायचं ठरवलं आहे. समाजकार्य शिकणारे काही विद्यार्थी, दोन अंगणवाडी ताई, खोलीमालकांची ओळख असलेला एक किराणावाला, आणि मी. रकाने साधेच ठेवलेत: खोली, माणसं, पाळी, मूळ गाव, कुठल्या कंपनीत, कुणाच्या नावावर, ऑर्डर किती महिन्यांची, पाणी कुठून, लग्न झालं का, मुलं कुठं आहेत. हा तक्ता सरपंचबाई ग्रामसभेत मांडणार आणि त्या मालकांनी तो बघायला यायचं कबूल केलं आहे. तिथं दोन मागण्या ठेवायच्या: जी कंपनी माणसं आणते तिनं पाण्याचा आणि राहण्याचा खर्च आपल्या योजनेत धरावा, आणि वर्षानुवर्षं एकाच कामावर फिरून फिरून येणाऱ्या पोरांना कायम करावं. पहिली ते मान्य करतील असं वाटतं. दुसरीसाठी भांडावं लागेल.

दिवाळीत अर्ध्या खोल्यांना कुलूप असतं, पोरं गावी गेलेली असतात, आकडा फसतो. त्यामुळं मोजणी तुळशीच्या लग्नानंतरच्या पहिल्या गुरुवारी धरली आहे.